फाटक उतरवायचा दिवस

"कोन?"

बालाघाटात मी ज्या घरी भाड्याने राहिले, तिथे आत शिरायचं तर आधी या प्रश्नाचं उत्तर द्यावं लागे. फाटकाच्या दोन फळ्यांमधल्या फटीतून घरमालक काकाजींचा एक डोळा मला स्पष्ट दिसायचा. म्हणजे मीही त्यांना दिसत असणारच. तरी विचारायचे. मी नाव सांगायची, आडनावासकट, मगच कडी निघायची. सुरुवातीला एकदा चिडून म्हटलं, "काकाजी, सकाळी तुम्हीच कडी काढून दिली ना मला?" तर म्हणाले, "सकाळी जे गेली थे तूच होय का नाई, मले काय मालूम? नाव सांग." आता बोला.

आणि हे फक्त भाडेकरूला नव्हतं. त्यांची सून, जिला मी वहिनी म्हणायची, बाजारातून दोन्ही हातांत पिशव्या घेऊन आली तरी तिलाही नाव सांगावं लागायचं. मुलाचं बसस्टँडजवळ सायकलचं दुकान होतं. तो तर फाटकापाशी यायच्या आधीच, पलीकडच्या पानठेल्यापासूनच स्वतःचं नाव ओरडत यायचा. अख्ख्या गल्लीला त्याची सवय झाली होती.

मी तुमसरची. बालाघाटच्या कॉलेजात कंत्राटावर शिकवायला गेले. तिकडे अशा प्राध्यापकाला 'अतिथी विद्वान' म्हणतात. विद्वान कोणी मानत नाही आणि पाहुणचारही कोणी करत नाही. घर शोधताना एकाने सांगितलं, मराठी बोलणारे लोक आहेत, भाडं माफक आहे, फक्त म्हातारा जरा सटकलेला आहे. मला वाटलं, एवढं तर चालतंच.

काकाजी रेल्वेत फाटकवाले होते. कटंगीकडे छोटी लाइन जायची तेव्हापासूनचे. नोकरी संपली तरी खाकी सदरा सुटला नव्हता. जेवायला बसायचे तेही फाटकाकडे तोंड करून. नोकरीतली त्यांची एक गोष्ट गल्लीत सगळ्यांना पाठ होती. त्यांच्या वडिलांची तिरडी निघाली तेव्हा वाटेत त्यांचंच फाटक लागलं. ड्युटीवर दुसरा माणूस होता. गाडी यायची होती, पण बिचाऱ्याने मान म्हणून दांडा वर केला. काकाजी पुढे मडकं धरून चालत होते. ते मडकं त्यांनी चुलतभावाच्या हातात दिलं, धावत गेले आणि दांडा खाली ओढला. बापाची तिरडी खांद्यावर घेऊन सगळे उन्हात उभे. गाडी गेली, मग फाटक उघडलं. मी विचारलं, "काकाजी, वाईट नाही वाटलं?" म्हणाले, "वाटलं ना. पन गाडीले काय मालूम, कोन मेला?"

असा हा माणूस वर्षातून एक दिवस फाटक काढूनच ठेवायचा. उघडं ठेवायचा असं नाही, खुंट्यांवरून उचलून भिंतीला टेकवून द्यायचा. दिवाळीनंतर आमच्या भागात गावोगावी मंडई, म्हणजे जत्रा, भरते, तेव्हाचा तो दिवस. सकाळी फाटक उतरवायचं, अंगणात मोठ्या गंजात भात, दुसऱ्यात वरण, वांग्याचा रस्सा, आणि जो येईल त्याला पत्रावळीवर वाढायचं. त्या दिवशी कोणालाच नाव विचारायचं नाही. धान कापायला आलेले मजूर यायचे, रिक्षावाले यायचे, आणि सगळ्यांच्या आधी यायची नाल्यापलीकडच्या वस्तीतली एक म्हातारी. मुरमुरे विकायची. आपला जर्मनचा डबा घेऊन यायची, "जय भीम काकाजी" म्हणायची आणि ठरलेल्या जागी, तुळशीजवळ बसायची. जेवताना दरवर्षी सांगायची, "आमचा बुढा त्या दिवशी आत आल्ता जी." खरं-खोटं तिलाच ठाऊक. काकाजी नुसते "हौ" म्हणून तिला आणखी भात वाढायचे.

कुठला दिवस, कुठे आत आला, हे मला पहिल्या वर्षी कळलं नाही. विचारलं तर काकाजी म्हणाले, "रिवाज हाय." तेवढंच.

ते फाटक उतरवायची एक रीत होती. अस्सल सागवानाचं, जड धूड. एकाने आतून आणि एकाने बाहेरून, दोघांनी एकदम उचललं तरच ते सरळ वर जाऊन खुंट्यांवरून निघायचं. एकाच बाजूने चार जण लागले तरी ते तिरकं होऊन अडकून बसायचं. आतून काकाजी, बाहेरून मुलगा. मुलाच्या आधी बाहेरून काकाजींचा भाऊ असायचा, त्याच्या आधी आणखी कोणी. "आतला एक, भाईरचा एक," असं काकाजी म्हणायचे, एवढ्या गांभीर्याने की मला हसू यायचं.

मग तो पिक्चर आला.

परवा मी तो मोबाइलवर पुन्हा पाहिला, म्हणूनच हे सगळं वर आलं. किरनापूरच्या पुढे एक पडका गड आहे, तिथल्या राणीवरचा पिक्चर. तेव्हा टॉकिजमध्ये मला तो भारी वाटला होता. मी रडलेही होते. आता पाहताना जीव वैतागला. आमच्या त्या गडावर धड उभी राहिलेली भिंत नाही, आणि यांनी तिथे संगमरवराचे महाल उभे केलेत. राणी चालते तर एक दालन ओलांडायला गाणं संपतं. दागिने, हत्ती, हजार दिवे. पण त्या राज्यात पिकत काय होतं, लोक खात काय होते, काही पत्ता नाही. धानाची एक काडी दिसत नाही अख्ख्या पिक्चरमध्ये. सगळे रडतात ते राणीसाठी, आणि मरतात तेही राणीसाठी. स्वतःच्या घरच्या माणसासाठी कोणी डोळ्यातून टिपूस काढत नाही. राजेराण्यांचा पिक्चर करायला हरकत नाही, पण प्रजा म्हणजे काय नुसती मागे उभी करायची गर्दी?

आणि त्यात दरवाज्याचा प्रसंग. गडाच्या दाराशी शत्रू येतो. पहारेकरी दाराला पाठ लावून उभा राहतो. फळ्या फोडून भाले आत येतात, त्याच्या पाठीतून शिरून छातीतून निघतात, पण गडी कडी काढत नाही. तेवढ्या वेळात राणी तलवार घेते. पहारेकऱ्याला त्यांनी जाड मिशा दिल्या होत्या आणि मरताना एक लांबलचक वाक्य दिलं होतं. टॉकिज शिट्ट्यांनी दणाणून गेलं.

आम्ही सगळे गेलो होतो. शिट्ट्या चालू असताना काकाजी उठून उभे राहिले आणि पडद्याकडे हात करून मोठ्याने म्हणाले, "भाईर कोन हाय, थे दाखवा ना."

"बैठो अंकल," मागून कोणीतरी म्हणालं. मुलाने सदरा ओढून त्यांना खाली बसवलं. ते पुन्हा उठले. "अरे पन भाईर कोन हाय?"

घरी जाताना मुलगा आणि वहिनी पुढे निघून गेले. मुलगा खुशीत होता. काकाजी माझ्याबरोबर सावकाश चालत होते. त्यांनीच सुरुवात केली. "थो दरवाज्यावर होता ना, थो आमचा बुढा होय."

"म्हणजे तुमचे पूर्वज? अहो, मग तुम्हाला अभिमान वाटायला पाहिजे."

"त्यानं दार उघडलं," काकाजी म्हणाले.

मी थांबले. ते थांबले नाहीत, म्हणून मला मागून जावं लागलं. सांगत गेले. फौज येऊन राह्यली म्हणून राणीचा हुकूम झाला, दार लावा. लावलं. पण वावरात, गडाबाहेरच्या वस्तीत माणसं राहून गेली होती. ती धावत आली. पोरं, बाया, गुरं. दार ठोकायला लागली. बुढ्याने वर विचारलं, तर हुकूम तोच. तो आतून विचारत राहिला, कोन हाय, कोन हाय, आणि बाहेरून एकेक जण नाव सांगत गेला. सगळी ओळखीची नावं. शेवटी त्याने कडी काढली. माणसं आत आली. आणि त्यांच्या मागून फौज आली. गड पडला, राणी गेली, दारावरचा बुढाही गेला.

"म्हणजे त्याच्यामुळे..."

"हौ. त्याच्यामुळेच." काकाजींचा आवाज बदलला नव्हता. "माहा बाप म्हने, आपन फाटक उतरवतो थे प्रायश्चित्त होय. माय म्हने, नाई, थे नवस होय, आपल्या बुढ्यानं चांगलं केलं म्हून. मी म्हनतो, दोन्ही असन. पन पिच्चरवाल्यानं भाईरचे मानसंच काढून टाकले. मंग माहा बुढा कोनासाठी मेला?"

गडाच्या गावात या घराण्याला 'दारउघडे' म्हणतात, हेही तेव्हा कळलं. शिवी म्हणून म्हणतात. तिथल्या मंडईत राणीची पालखी निघते. सगळी गावं त्या मोडक्या दारातून आत जातात, पण या घरच्या माणसाला दाराच्या आत पाय ठेवू देत नाहीत. त्यांनी बाहेर उभं राहायचं आणि नारळ दुसऱ्याच्या हाती आत द्यायचा. काकाजी दरवर्षी फाटक उतरवायच्या दिवशीच दुपारी जाऊन तसे उभे राहून यायचे. लहानपणी मुलगाही जायचा. बरोबरीची पोरं आतून त्याला नावाने चिडवायची. एकदा रडत घरी आला तो पुन्हा गेला नाही.

त्याचीही बाजू मला नंतर समजली. कारण पिक्चरनंतर महिनाभरात त्याचं आयुष्यच फिरलं. गडावरचे पंच स्वतः दुकानात आले. ज्यांनी बापाला उन्हात बाहेर उभं केलं होतं तेच म्हणाले, आमची चूक झाली, तुमचं घराणं तर वीराचं. यंदा पालखीचा पहिला खांदा तुमचा. मंडईच्या दिवशी सकाळी वाजतगाजत घरी घ्यायला येऊ. तुमच्या फाटकाची पूजा करू, न उघडलेल्या दाराची आठवण म्हणून.

मुलगा घरी आला तेव्हा त्याचा चेहरा असा होता की पहिल्यांदाच तो मला देखणा वाटला. त्याने बापाच्या पाया पडून सांगितलं. काकाजींनी ऐकून घेतलं आणि विचारलं, "मंडईच्या दिवशी? त्या दिवशी तं फाटक राहातच नाई."

"यंदा राहू द्या बाबा."

"काहून?"

"काहून म्हंजे? लोकं येऊन राह्यले. फाटक उतरवलेलं पाहून इचारतील, काहून उतरवलं. काय सांगू?"

"जे हाय थे सांग."

त्या दिवसापासून घरात कोणी मोकळा श्वास घेतला नाही. बाप-लेक एकमेकांशी बोलेनात. निरोप माझ्यामार्फत. "त्याले सांगा, खुंट्याले तेल लावून ठेव म्हना." "बाबांना सांगा, तेल लागनार नाही." मी काय पोस्टमन होते? पण या दोघांत कोणाची बाजू घ्यावी, मला कळत नसे. एका संध्याकाळी मुलगा पायरीवर माझ्याजवळ बसला आणि म्हणाला, "मॅडम, मी खोटं बोलायला नाई लावून राह्यलो. चूप राहा म्हनतो फक्त. एक दिवस. मले त्या दारातून एकदा आत जायचं हाय. बस." मला त्याची कीव आली आणि काकाजींचा रागही आला. सत्य सत्य म्हणून किती ताणायचं?

दोन दिवसांनी त्याने वेल्डिंगवाल्याला आणलं. वरच्या खुंटीवर लोखंडी पट्टी बसवली की फाटक उघडेल, लागेल, पण वर उचललं जाणार नाही, असा बेत होता. बाप झोपलेला पाहून आणलं होतं, पण बाप कुठला झोपतो? काकाजी उठून आले आणि फाटकाला पाठ लावून उभे राहिले. अगदी पिक्चरमधल्या त्या मिशीवाल्यासारखे. वेल्डिंगवाला हातात नळी धरून एकदा याच्याकडे, एकदा त्याच्याकडे पाहत राहिला. वाटलं, आज या घरात हात उगारला जाणार. मुलाने मुठी आवळल्या, सोडल्या आणि वेल्डिंगवाल्याला म्हणाला, "चल, जाऊ दे." जाताना बापाला ऐकू जाईल असं म्हणाला, "आतून एकटे किती उचलता, पाहातो."

खरंच होतं ते. बाहेरचा हात त्याचा होता. तो लागला नाही तर फाटक निघणार नव्हतं. काकाजींनाही ते माहीत होतं. मधल्या दिवसांत त्यांनी जेवण अर्ध्यावर आणलं, पण दुसऱ्या कोणाला बाहेरून हात लावायला सांगितलं नाही. मी शेजारच्यांना विचारू का म्हटलं, तर म्हणाले, "घरचाच पाह्यजे."

मंडईचा दिवस उजाडला. वहिनीने कोणालाही न विचारता भात चढवला होता. मुलगा पहाटेच बाहेर पडला होता, पंचांना आणायला. फाटक बंद.

बँड ऐकू आला तसे काकाजी अंघोळ करून, स्वच्छ खाकी सदरा घालून फाटकाशी आले. गल्ली भरून गेली. मी फटीला डोळा लावला, त्यांच्यासारखाच. हार, गुलाल, वर धरलेले मोबाइल. पुढे पंच, आणि त्यांच्यामध्ये डोक्याला भगवा फेटा बांधलेला मुलगा. मागून रेटा वाढत होता. आणि सगळ्यांच्या पुढे, फाटकाला चिकटलेली, डबा छातीशी धरलेली मुरमुरेवाली म्हातारी. ती नेहमीसारखी सगळ्यांच्या आधी आली होती आणि मागून गर्दी आली होती.

काकाजींनी खाली वाकून फाटक धरलं आणि जोर लावला. ते कुरकुरलं, तिरकं झालं, अडकलं. मी आणि वहिनी धावलो. तिघांनी लावला. हललं नाही, आणि तिरकं बसल्यामुळे आता नुसतं उघडतही नव्हतं. बाहेरच्यांना फाटक थरथरताना दिसलं असणार. कोणीतरी ओरडलं, "खोलना मत काकाजी, बंद रखो, रिकॉर्डिंग चालू है." बाहेरून पोरांनी फाटकाला हात लावून ते दाबून धरलं. म्हातारी त्यांच्या आणि फळ्यांच्या मध्ये.

"काकाजी," तिचा आवाज आला, अगदी माझ्या कानाजवळ. "मले दाबून राह्यले जी."

काकाजींनी कपाळ फळीला टेकवलं. त्यांना धाप लागली होती. मला वाटलं, संपलं. मग त्यांनी रोजच्या आवाजात विचारलं, "कोन?"

बँड थांबला. लोकांना वाटलं, व्हिडिओसाठी काही बोलणार आहेत. पंचांपैकी एक जण पुढे होऊन ऐटीत म्हणाला, "हम हैं काकाजी, गढ़ के पंच. आपके दरवाजे को नमन करने आए हैं."

"आनखी कोन?"

म्हातारीने नाव सांगितलं. स्वतःचं, मग नवऱ्याचं, मग वस्तीचं. दम घेत घेत.

"आनखी कोन?"

मी फटीतून पाहत होते. मुलगा म्हातारीकडे पाहत होता. तिचा डबा वाकडा झाला होता आणि ती तो सोडत नव्हती. त्याच्या मागे पंच, पंचांच्या मागे पालखीची गाडी, आणि त्याच्यापुढे हे फाटक. त्याने पोरांना हाताने बाजूला सारलं. मग तो माझ्या डोळ्यासमोरून खाली गेला आणि फाटकाखालच्या फटीतून त्याची बोटं आत आली. सायकलच्या ग्रीसने कायमची काळी झालेली बोटं.

"मी होय बाबा."

"नाव सांग," काकाजी म्हणाले.

त्याने सांगितलं. स्वतःचं नाव, बापाचं नाव. मग सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असं म्हणाला, "दारउघड्याचा पोरगा. उचला."

फाटक सरळ वर गेलं. म्हातारी आत आली आणि आपल्या जागी, तुळशीजवळ जाऊन बसली. पंच हार घेऊन परत गेले. त्यांच्या हातातलं पूजेचं ताट तसंच राहिलं. मुलाने फेटा सोडून ओट्यावर ठेवला आणि वाढायला घेतलं.

दुपारी दोघे एकाच सायकलवर बसून बसस्टँडला गेले, तिथून गडाच्या गावाला. मी विचारलं, आता कशाला? मुलगा म्हणाला, "नारळ द्याचा हाय ना." पालखी आत गेली तेव्हा ते दोघं दाराबाहेर उभे होते, जिथे ती माणसं नावं सांगत उभी राहिली होती त्या जागेवर.